उंची नव्हे, तळ पाहावा

चर्नी रोडला 1951 साली तारापोरवाला मत्स्यालय उघडले आणि गिरगावच्या मुलांना काचेआडचे मासे घराजवळ पाहावयास मिळाले. पुढे ही हौस घरोघरी आली. परळ-लालबागच्या लहान खोल्यांत जागा वाचावी म्हणून उंच, अरुंद टाकी घेतली जाते. तळाशी वावरणाऱ्या माशांना मात्र ती गैरसोयीची ठरते.

36 × 12 × 12 आणि 24 × 12 × 18 इंचांच्या टाक्यांत पाणी सारखेच, सुमारे 85 लिटर मावते. परंतु पहिलीचा तळ 3 चौरस फूट, दुसरीचा केवळ 2. पाण्याचा पृष्ठभागही तेवढाच कमी, आणि प्राणवायू तेथूनच विरघळतो.

सह्याद्रीच्या नद्यांतील पट्टेदार झेब्रा लोच बोटाएवढा असतो व समूहाने राहतो. मिशांनी तळ चाचपून तो अन्न शोधतो. धारदार खडीने त्या मिशांना इजा होते. म्हणून धुतलेली बारीक वाळू, गुळगुळीत गोटे आणि दडण्यास कपारी असाव्यात. नळाच्या पाण्यातील क्लोरीन आधी घालवावे. ही जात निसर्गात संकटग्रस्त आहे. नदीतून धरून आणलेला मासा घेऊ नये.

वाळू-काचेसह भरलेली टाकी 100 किलोंहून जड होते. जुन्या चाळीत लाकडी जमीन असल्यास ती भिंतीलगत, अनेक तुळयांवर भार विभागेल अशी ठेवावी. एवढी सोय घरात नसेल, तर तो जीव नदीतच सुखी आहे असे मुलांना समजावून सांगावे.