मार खाऊन घडलेलं उदाहरण

गेल्या महिन्यात नगरला चुलतभावाकडे नव्या घराची उपकारस्तुतीची प्रार्थना होती. (कागदावर २०२४ पासून अहिल्यानगर, पण आमच्या घरात अजून 'नगर'च.) पाळकसाहेबांनी प्रार्थना केली, गाणी झाली, जेवणं सुरू झाली. भावाच्या आठ वर्षांच्या मुलाच्या हातून रश्शाची वाटी नव्या सोफ्यावर उपडी झाली आणि त्याच्या गालावर एक सणसणीत बसली. पोरगं रडायला लागलं. तेव्हा आमच्या काकांनी त्याला जवळ घेतलं आणि माझ्याकडे बोट दाखवून म्हणाले, "रडतोस काय वेड्या! तुझ्या या काकाने लहानपणी याच्या दसपट मार खाल्लाय. मार खाल्ल्याशिवाय माणूस घडत नाही. बघ बरं, घडला का नाही तो?"

सगळे हसले. मीही हसलो.

आपण का हसलो हे परतीच्या एसटीत शिरूर येईपर्यंत मला कळत नव्हतं. कळलं तेव्हा लाज वाटली.

काका, तुम्ही हे वाचाल हे मला माहीत आहे. तुमच्यावर राग नाही. कॉलेजची दोन वर्षांची फी तुम्ही भरलीत, ते मी विसरलेलो नाही. पण तुम्ही मला उदाहरण म्हणून उभं केलंत, तर त्या उदाहरणाने एकदा तोंड उघडायला हवं.

आमचे पप्पा शाळेत शिक्षक होते आणि चर्चच्या कमिटीवर होते. आवाज गोड, पेटी वाजवून भजनं म्हणायला लागले की लोक डोळे मिटून ऐकायचे. बाहेर त्यांना फार मान होता. घरी कमरेचा पट्टा होता. कारण कुठलंही चालायचं. गणितात मार्क कमी पडले, तांब्यात पाणी नव्हतं, आई उलट बोलली. संध्याकाळी अंगणात सायकलचं स्टँड लावल्याचा खट्ट आवाज आला की मी आणि माझी बहीण बोलायचं थांबायचो. मग पावलं कशी वाजतात यावरून आजची रात्र कशी जाणार ते ठरायचं. (बहिणीची गोष्ट तिची आहे. सांगायची तर तिने सांगावी. मी फक्त माझी सांगतो.)

आता माझी पन्नाशी उलटली. तरी कुठे तसा खट्ट आवाज झाला की पोटात गोळा येतो. डोक्याला माहीत आहे की पप्पा २०११ साली गेले. पोटाला ते कुणी कळवलेलं नाही.

मारण्याआधी पप्पा वचन म्हणायचे. नीतिसूत्रांमध्ये छडीची वचनं आहेत, ती नाहीत असं मी म्हणणार नाही. इफिसकरांस पत्राच्या सहाव्या अध्यायातलं पहिलं वचनही आम्हाला तोंडपाठ होतं, मुलांनी आईबापांच्या आज्ञेत राहावं ते. पण त्याच अध्यायातलं चौथं वचन मी वाचलं ते कॉलेजात गेल्यावर. ते बापांना उद्देशून आहे आणि मुलांना चिडीला आणू नका, असं ते सांगतं. मधे फक्त दोन वचनं. आमच्या घरातलं वाचन नेहमी तिसऱ्याला थांबायचं.

रोज रात्री प्रभूची प्रार्थना व्हायची. तिची सुरुवातच देवाला पिता म्हणून. संडे स्कूलमध्ये बाई सांगायच्या की देव आपल्या पप्पांसारखा आहे, तो सगळं बघतो. बाकीच्या मुलांना त्याचा आधार वाटत असेल. मला आकाशात बसलेले पप्पा दिसायचे, आणखी मोठा पट्टा घेऊन.

कॉलेजसाठी पुण्याला आलो आणि चर्च सुटलं. लग्न तेवढं चर्चमध्ये झालं. देव नाही असं माझं काही म्हणणं नव्हतं. तो आहे, आणि अंगणात सायकलचं स्टँड लावतोय, असं वाटायचं.

२००६ साली एका संध्याकाळी माझ्या चार वर्षांच्या मुलीने माझ्या ऑफिसच्या कागदांवर रंग सांडला. माझा हात वर गेला. तिने काही केलं नाही, पळाली नाही, रडली नाही. फक्त तिचे दोन्ही खांदे वर आले, थेट कानांपर्यंत. ते खांदे मी ओळखत होतो. ते माझे होते.

हात खाली आला. मारलं नाही. पण मी तसाच घराबाहेर पडलो आणि शेजारच्या मावशींचं दार वाजवलं. त्या निवृत्त नर्स, एकट्या राहायच्या, नियमाने चर्चला जायच्या. मला वाटलं, आता त्या म्हणणार, "पप्पांना क्षमा कर, मग सगळं ठीक होईल." तोवर पाळकांनी, आत्याने, एका प्रार्थना सभेत तर अनोळखी माणसानेसुद्धा मला हेच सांगितलेलं. मावशींनी चहा ठेवला आणि म्हणाल्या, "क्षमेचं नंतर बघू. आधी काय झालं ते तर सांग."

तेहतीस वर्षांत हे मला पहिल्यांदा कुणी विचारलं होतं.

त्यांनी दोन कामं सांगितली. एक, समुपदेशकाकडे जायचं. पहिल्या दिवशी त्या स्वतः माझ्याबरोबर रिक्षाने आल्या आणि बाहेरच्या बाकावर बसून राहिल्या. दुसरं, स्तोत्रसंहितेतलं ८८ वं स्तोत्र मोठ्याने वाचायचं. ज्यांनी वाचलं नसेल त्यांना सांगतो, ही स्तोत्रं म्हणजे नुसती स्तुती नाही. त्यांत खूप गाऱ्हाणी आहेत. पण बहुतेक गाऱ्हाण्यांच्या शेवटी सूर बदलतो, देव पावतो, आशा येते. ८८ व्या स्तोत्रात तसं होत नाही. लहानपणापासून दुःख भोगणारा माणूस देवाला जाब विचारतो आणि स्तोत्र अंधारातच संपतं. आणि तरी ते पवित्र शास्त्रात ठेवलेलं आहे, कुणी काढून टाकलेलं नाही. माझी तक्रारसुद्धा प्रार्थना होऊ शकते, हे मला त्या दिवशी कळलं. क्रुसावर ख्रिस्ताने स्वतःच देवाला विचारलं होतं की मला एकटं का सोडलंस. मग मी का विचारू नये?

माझं बरं होणं इथून सुरू झालं. ना चमत्काराने, ना साक्षीच्या सभेत हात वर करून. आधी तक्रार मांडायला मिळाली.

राहिला प्रश्न 'पिता' या शब्दाचा. तो सोडवला रेव्हरंड टिळकांनी.

टिळक आम्हा नगरकरांना घरचेच. चर्चमध्ये त्यांची भजनं पप्पांच्याच आवाजात ऐकलेली, म्हणून मी ती वर्षानुवर्षं टाळली होती. समुपदेशन चालू असताना मी त्यांच्याविषयी पहिल्यांदा नीट वाचलं. नारायण वामन टिळक, जन्म १८६१, कोकणातलं करजगाव. वडील कडक आणि संतापी. आई जानकीबाई धार्मिक, हळवी, कविता करणारी. मुलगा अकराएक वर्षांचा असताना ती गेली, आणि त्या पोराने घर सोडलं. पुढे १८९३ साली नागपूरहून राजनांदगावला जाताना आगगाडीत एका युरोपियन प्रवाशाने त्यांच्या हाती नवा करार दिला, आणि १० फेब्रुवारी १८९५ ला मुंबईत त्यांचा बाप्तिस्मा झाला.

आता गंमत बघा. हा माणूस ख्रिस्ताकडे गेला आणि त्याला काय म्हणाला? माउली! विठ्ठलाला आपले संत म्हणतात तसं. तुकोबांच्या पुलावरून मी ख्रिस्तापाशी आलो, असं टिळक सांगत, आणि त्या पुलावरून येताना त्यांनी हा शब्द बरोबर आणला. विद्वान म्हणतील हा वारकरी परंपरेचा प्रभाव. असेलच. पण मला वाटतं, ज्या पोराचं घर आईबरोबरच संपलं, त्याला देवात आधी आईच शोधावी लागली असणार. 'केवढे हे क्रौर्य!' आपण सगळ्यांनी शाळेत पाठ केलेली. जखमी पक्षीण घरट्यात पिल्लांपाशी येते आणि तिथेच प्राण सोडते. शाळेत मी ती दहा मार्कांसाठी पाठ केली होती. आता त्या पक्षिणीत मला जानकीबाई दिसतात आणि घरट्यात बसलेला एक मुलगा दिसतो. हे माझं वाचन. कुणी मानावं असा आग्रह नाही.

आणि हे काही टिळकांनी पदरचं घातलेलं नाही. यशया संदेष्ट्याच्या पुस्तकात देव स्वतःची तुलना लेकराची समजूत घालणाऱ्या आईशी करतो. येशू यरुशलेमेसाठी हळहळतो तेव्हा पिल्लांना पंखाखाली घेऊ पाहणाऱ्या कोंबडीची उपमा देतो. हे सगळं आमच्या घरातल्या बायबलमध्ये होतं. फक्त पट्ट्याबरोबर वाचायच्या वचनांत नव्हतं. मी काही वर्षं प्रार्थनेत 'पिता' म्हणणं सोडून 'माउली' म्हणत राहिलो. पुढे 'पिता'ही परत आला, हळूहळू, आणि आता त्याचा चेहरा पप्पांचा नसतो.

पण टिळकांची गोष्ट इथे संपवली तर ती खोटी होईल. लक्ष्मीबाईंनी 'स्मृतिचित्रे'त त्यांचा संताप, न सांगता घर सोडून जाणं, काही लपवलेलं नाही. त्यांच्या बाप्तिस्म्यानंतर काही वर्षं लक्ष्मीबाई लहान दत्तूला घेऊन वेगळ्या राहिल्या. ज्याचं स्वतःचं घर लहानपणी मोडलं, त्याच्या मुलाच्या वाट्यालाही मोडकं घर आलंच. ते पुन्हा एकत्र आले, लक्ष्मीबाईंनी १९०० साली स्वतःच्या मनाने बाप्तिस्मा घेतला, दुष्काळात उघड्यावर पडलेल्या पोरांना या जोडप्याने घरात घेतलं, हेही खरंच. मला यातून एवढंच समजतं की श्रद्धा जखम पुसून टाकत नाही. पुनरुत्थित ख्रिस्ताच्या हातांवरसुद्धा खिळ्यांचे व्रण होते आणि थोमाने ते पाहिले. जखम दाखवता येते, तिचा धाक कमी होतो, आणि लक्ष ठेवलं तर ती पुढच्या पिढीला लागत नाही. लक्ष मात्र रोज ठेवावं लागतं.

क्षमेविषयीही सांगून टाकतो, कारण आत्या नक्की विचारणार. पप्पांना शेवटच्या वर्षी अर्धांगवायू झाला. मी शनिवार-रविवार नगरला जायचो, त्यांना अंघोळ घालायचो, दाढी करायचो. त्यांनी माझी माफी मागितली नाही. बोलणंच गेलं होतं, आणि बोलता आलं असतं तर मागितली असती का, कोण जाणे. एका रविवारी दाढी करताना त्यांची हनुवटी माझ्या हातात होती, आणि माझ्या लक्षात आलं की आज मला भीतीही वाटत नाही आणि रागही येत नाही. म्हातारा, आजारी माणूस, एवढंच. त्याला क्षमा म्हणायचं तर म्हणा. पण ती पाच वर्षं सगळं सांगून झाल्यावर आली. आधी मागितली असती तर मी फक्त तोंड मिटलं असतं, आणि लोक त्यालाच क्षमा म्हणाले असते. आपल्या मंडळीत क्षमेचं औषध फार लवकर पाजतात. बऱ्याचदा ते जखम झालेल्याला बरं वाटावं म्हणून नसतं. आपल्याला ऐकावं लागू नये म्हणून असतं.

आता काका, तुमच्या वाक्याकडे. तुमच्यासारखं म्हणणारे खूप आहेत. २००७ साली केंद्राच्या महिला व बालविकास मंत्रालयाने १३ राज्यांतल्या मुलांशी बोलून अहवाल काढला. त्यात तीनपैकी दोन मुलांनी मार खाल्ल्याचं सांगितलं, आणि घरात मार खाणाऱ्यांना बहुतेक वेळा मारणारे आईबापच होते. शाळेत मारायला २००९ च्या शिक्षण हक्क कायद्याने बंदी आली. घरात मात्र आपण अजून कौतुकाने सांगतो. त्यांतली बहुतेक मुलं माझ्यासारखीच मोठी होतात, नोकरी करतात, हसतात. म्हणून मार लागू पडला असं वाटतं. दगडातून झाड उगवलं की आपण दगडाला खत म्हणत नाही.

मी घडलो असेन तर चहा ठेवून विचारणाऱ्या एका मावशींमुळे, बाहेरच्या बाकावर कुणीतरी वाट बघतंय या आधाराने तासाभराच्या खुर्चीत बोलता आलं त्यामुळे, अंधारात संपणाऱ्या एका स्तोत्रामुळे, आणि देवाला आई म्हणायची मुभा देणाऱ्या एका मराठी कवीमुळे. तुम्ही भरलेल्या फीमुळेसुद्धा. पट्ट्याचा त्यात काही वाटा नाही. माझा ख्रिस्त लेकराला मधे उभं करून मोठ्यांना ताकीद देणारा आहे. त्याच्या नावाने कुणी हात उगारला तर निदान मी तरी यापुढे हसणार नाही.

परवा भावाला फोन केला आणि म्हटलं, जरा छोट्याला दे. त्याला सांगितलं, "त्या दिवशी तुला लागलं आणि मी हसलो. माझं चुकलं. मार खाऊन कुणी घडत नाही, मीपण नाही."

पलीकडे थोडा वेळ शांतता. मग हळूच आवाज आला, "काका, सोफ्याचा डाग अजून गेला नाही."

"राहू दे," म्हटलं. "सोफाच आहे तो."