लालपरी धावते जावाच्या रस्त्यावर

एसटीची लाल बस, तिच्या कपाळावर ‘अमरावती–अकोला, मार्गे मूर्तिजापूर’ अशी पाटी, आणि ती धावते आहे इंडोनेशियातल्या जावा बेटावर! ‘बस सिम्युलेटर इंडोनेशिया’ या मोबाइलवरील खेळात हे सहज घडू शकते. ‘मालेओ’ या इंडोनेशियन कंपनीने २०१७ साली आणलेल्या या खेळात गाडीचा रंग, चित्रे आणि अक्षरे खेळाडूने स्वतः तयार करावीत, अशी सोय आहे. केरळातल्या मुलांनी त्यात तिकडची ‘कोंबन’ ही खासगी बस आणली. महाराष्ट्रातल्या हौशी मुलांनी लालपरी आणि शिवनेरी आणली. १९४८ साली सुरू झालेल्या एसटीवर नव्या पिढीचा असा जीव जडावा, ही कौतुकाचीच बाब.

परंतु बसच्या तोंडावर टाटा किंवा अशोक लेलँडचे चिन्हही तितक्याच निगुतीने उमटते, कारण त्यावाचून गाडी खरी वाटत नाही. पूर्वी दूरदर्शनवर जाहिरात लागली की घरातली मंडळी पाणी प्यायला उठत. येथे मूलच तासन् तास बसून जाहिरात रंगवते आणि मित्रांना वाटते. मेहनताना अर्थातच शून्य!

या हौसेचे मोल परदेशी कंपन्यांनी केव्हाच ओळखले. वापरकर्त्यांनी रचलेल्या खेळांवर उभ्या असलेल्या ‘रोब्लॉक्स’मध्ये २०२१ साली गुच्ची आणि नाइकी यांनी आपली दालने थाटली. तेथे गुच्चीची एक आभासी पर्स फेरविक्रीत चार हजार डॉलरहून अधिक किमतीला गेली. खऱ्या पर्सपेक्षा महाग, आणि खांद्याला अडकवता येत नाही ती नाहीच!

अठरा वर्षांखालील मुलांवर नेम धरून केलेल्या जाहिरातींना मनाई करणारी तरतूद २०२३च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यात आहे. मुलाने आपखुशीने काढलेले बोधचिन्ह मात्र त्या चौकटीत बसत नाही. उलट व्यापारचिन्हाची मालकी १९९९च्या कायद्याने कंपनीकडेच राहते. चित्र सोयीचे असेल तर ती गप्प बसेल. गैरसोयीचे वाटले तर हक्क सांगेल.

म्हणून मुलांच्या हातून मोबाइल हिसकावण्याचे कारण नाही. त्या बोटांत कला आहे. आईवडिलांनी घटकाभर शेजारी बसून ‘हे चिन्ह कोणाचे, आणि ते येथे कशाला?’ एवढे विचारले तरी पुरे. त्याच बसवर अंबादेवीचे देऊळ किंवा वऱ्हाडातल्या कापसाचे फुटलेले बोंड रंगवायलाही तेवढाच वेळ लागतो.