कागदावर भागीदार, व्यवहारात सावकार

आपली पोरं धंद्यात उतरत आहेत आणि उतरायलाच हवीत. सरकारी ठेके, मंडप-केटरिंग, मालवाहू गाड्या, छोटी वर्कशॉप. पण पिढ्यानपिढ्यांचं भांडवल आपल्याकडे नाही, म्हणून भागीदारी होते. पैसा एकाचा, कष्ट दुसऱ्याचे, आणि बऱ्याचदा जातीचा दाखलाही त्या दुसऱ्याचाच. केंद्राच्या सार्वजनिक खरेदी धोरणात अनुसूचित जाती-जमातींच्या उद्योजकांसाठी ४ टक्के खरेदी राखून ठेवलेली आहे. स्टँड अप इंडियात २०१६ ते २०२५ या काळात १० लाख ते १ कोटीपर्यंत कर्जाची सोय होती. तेव्हा दाखल्यालाही बाजारभाव आला, असं म्हणायला हरकत नाही.

आमच्याकडे जी प्रकरणं येतात त्यांचा साचा ठरलेला असतो. फर्म आपल्या मुलाच्या नावावर, बँकेत सहीही त्याचीच. पैसेवाला भागीदार सुरुवातीलाच सही केलेले चार-पाच कोरे चेक मागून घेतो, "विश्वासासाठी". धंदा चालला तर नफ्यात वाटा. बिल अडकलं, धंदा बसला की त्यातल्या एका चेकवर आकडा पडतो, चेक बँकेत जातो, परत येतो आणि वकिलाची नोटीस घरी येते. सगळ्या वस्तीत बातमी पसरते की अमक्याचा पोरगा जेलमध्ये जाणार.

हा कायदा काय आहे ते आधी नीट समजून घेऊ. निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स अ‍ॅक्ट १८८१चा. चेक न वटणं हा गुन्हा मात्र १९८८च्या दुरुस्तीने झाला आणि १ एप्रिल १९८९पासून लागू झाला. कलम १३८खाली आज शिक्षा दोन वर्षांपर्यंत कैद किंवा चेकच्या दुपटीपर्यंत दंड, किंवा दोन्ही. गुन्हा जामीनपात्र आहे, तडजोडही करता येते. पण तारखेला गैरहजर राहिलात तर समन्सनंतर वॉरंट निघतं, आणि आपली पोरं अडकतात ती बहुतेक तिथेच.

खरी मेख कलम १३९मध्ये आहे. चेक देणं फेडण्यासाठीच दिला होता, असं न्यायालयाने गृहीत धरायचं आणि तसं नव्हतं हे आरोपीने दाखवायचं. २०१९मध्ये बीर सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की सही करून स्वखुशीने दिलेला कोरा चेक दुसऱ्याने भरला, तरी हे गृहीतक लागू होतं. स्वखुशीने! ज्याच्या हातात पैसा नाही आणि ज्याला पहिल्यांदाच कोणी "पार्टनर" म्हणतंय, त्याची खुशी मोजायची कशाने? आजोबांचा अंगठा सावकाराच्या कोऱ्या कागदावर उठायचा, नातवाची झोकदार सही कोऱ्या चेकवर उठते. शिक्षणाने एवढाच फरक पडला असेल तर विचार करायला हवा.

भागीदारी म्हणजे नफ्यात वाटा तसा तोट्यातही. १९३२च्या भागीदारी कायद्याचं कलम ४८ बघा. फर्म मोडली की आधी बाहेरच्यांची देणी, मग भागीदाराने भांडवलावेगळी दिलेली उचल, मग भांडवल, आणि उरलंच तर वाटणी. म्हणजे भांडवल हे कर्ज नव्हे, ती धंद्यातली जोखीम आहे. हिशेब झाल्याशिवाय कोण कोणाचं किती देणं लागतो हे ठरतच नाही. मग धंदा बुडाल्यावर एकाने आपलं सगळं भांडवल दुसऱ्याच्या कोऱ्या चेकवर लिहून वसूल करायचं, ही भागीदारी कशी? ही सावकारी आहे. विनापरवाना सावकारी महाराष्ट्रात २०१४च्या कायद्याने गुन्हा आहे, पण "पार्टनर" शब्द लावला की तिकडे कोणी बघत नाही.

बाहेरच्या व्यापाऱ्याचा चेक परत गेला तर आणखी एक प्रकार. कलम १४१नुसार फर्मचा कारभार पाहणारे भागीदारही जबाबदार असतात. पण सही करणारा सहज सापडतो आणि पैसेवाला म्हणतो, "मी नुसते पैसे घातले, रोजचा धंदा तो बघायचा."

मग कलम १३८ रद्दच करा? २०२० साली अर्थ मंत्रालयाने हा गुन्हा फौजदारीतून काढण्याचा प्रस्ताव मांडला होता, व्यापाऱ्यांनी विरोध केला. आमचाही विरोधच आहे. कारण आपल्या बचत गटाने शंभर माणसांचं जेवण पुरवलं, आपल्या मजूर ठेकेदाराने महिनाभर माणसं लावली आणि हातात न वटणारा चेक पडला, तर दिवाणी दाव्यात वर्षानुवर्षं घालवायची ताकद त्यांच्यात नाही. सहा महिन्यांत खटला संपवण्याचा प्रयत्न करा, असं याच कायद्यात लिहिलंय. प्रत्यक्षात २०१९च्या अखेरीस देशात असे ३५.१६ लाख खटले पडून होते. पण निदान धाक तरी आहे.

जाता जाता एक. आरोपीविरुद्ध असं सरळ गृहीतक असलेल्या या कायद्याचा गैरवापर होतो म्हणून कोणी मोर्चा काढल्याचं आम्ही पाहिलेलं नाही. अ‍ॅट्रॉसिटीचं नाव निघालं की मात्र सगळ्यांना नैसर्गिक न्याय आठवतो. पैसेवाल्याची तक्रार खरी मानून चालायचं आणि आपल्या बाईची तक्रार आधी तपासायची.

आमची मागणी छोटी आहे. तक्रारदार आणि आरोपी एकाच फर्मचे भागीदार असतील, तर समन्स काढण्यापूर्वी भागीदारीपत्र आणि शेवटचा हिशेब न्यायालयाने मागवावा. हिशेबच झालेला नसेल तर आधी तो होऊ द्यावा.

कायदा बदलेल तेव्हा बदलेल. तोवर फर्मची नोंदणी करा. नोंदणी नसेल तर करारातल्या हक्कासाठी भागीदारावर दावा लावायला कलम ६९ आडवं येतं. बँकेत सही दोघांची ठेवा. कोरा चेक कोणालाही नाही, मित्राला नाही, नेत्याला तर नाहीच. पैसे परत केले की बँकेतूनच करा. चेक दिल्यानंतर काही रक्कम फेडली असेल आणि तशी नोंद चेकवर नसेल, तर पूर्ण रकमेच्या चेकवर १३८ लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०२२मध्ये दशरथभाई पटेल खटल्यात स्पष्ट केलंय. फर्म सोडताना जाहीर नोटीस द्या, नाहीतर बाहेरच्यांसाठी तुम्ही भागीदारच राहता.

आणि नोटीस आलीच तर ती घ्या. मिळाल्यापासून पैसे भरायला १५ दिवस असतात. देणं नसेल तर त्याच मुदतीत वकिलामार्फत लेखी उत्तर द्या, कारण गृहीतक खोडायची सुरुवात त्या उत्तरातून होते. पाकीट नाकारलं म्हणजे सुटलो, असं पोस्टमनला वाटत असेल, न्यायालयाला वाटत नाही. पत्ता बरोबर असला की नोटीस पोचली असं धरलं जातं.