मुदत फक्त कर्मचाऱ्यालाच का?

परवा मुरबाड एसटी स्टँडवर ओळखीचा एक पोरगा भेटला. ठाकूर समाजाचा, सरकारी नोकरीत. हातात प्लास्टिकची पिशवी, पिशवीत आजोबांच्या शाळेच्या दाखल्याची झेरॉक्स. म्हणाला, "दादा, वैधता अजून नाय आली. ऑफिसातून दुसरी नोटीस आलीय. नोकरी राहील ना?"

मी पत्रकार, वकील नाही. पण शहापूर-मुरबाडमध्ये बातमीदारी करताना हा प्रश्न इतक्यांदा ऐकलाय, की आज लिहितोच.

प्रांत कार्यालयातून मिळतो तो जातीचा दाखला. पण १८ ऑक्टोबर २००१ पासून लागू असलेल्या कायद्यानुसार, पडताळणी समितीने वैध ठरवेपर्यंत तो पक्का नाही. सिद्ध करायची जबाबदारी अर्जदारावर. आदिवासींच्या बाबतीत ६ सप्टेंबर १९५० च्या आधीचा कागद असेल तर उत्तम. आता सांगा, ज्या कातकऱ्याचा आजा शाळेची पायरीच चढला नाही, जन्मभर भट्टीवर नाहीतर दुसऱ्याच्या शेतावर राबला, त्याच्या नातवाने हा कागद आणायचा कुठून?

कुणी म्हणेल, मग बोगस दाखलेवाल्यांनाही सांभाळायचं का? अजिबात नाही. ती जागा आमच्याच पाड्यावरच्या पोरांची होती. ६ जुलै २०१७ ला सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट सांगितलं, दावा अवैध ठरला तर कितीही वर्षं नोकरी झालेली असो, संरक्षण नाही. त्यानंतर राज्य सरकारने काय केलं? २१ डिसेंबर २०१९ चा जीआर काढून अशा कर्मचाऱ्यांना ११ महिन्यांच्या अधिसंख्य पदांवर घेतलं. त्यांचीही घरं आहेत, मान्य. पण गंमत बघा. ज्याचा दावा अवैध ठरला त्याच्यासाठी सरकार नवं पद तयार करतं, आणि ज्याचा दावा खरा पण फाईल अडकलीय, त्याच्या हातात नोटीस!

समित्यांची ही पद्धत आली ती सर्वोच्च न्यायालयाच्या २ सप्टेंबर १९९४ च्या माधुरी पाटील निकालातून. त्या खटल्यात समोरचा पक्ष होता ठाण्याचे अपर आयुक्त, आदिवासी विकास. त्याच निकालात म्हटलंय, चौकशी शक्यतो रोजच्या रोज चालवून दोन महिन्यांच्या आत संपवा. समिती लक्षात राहिली, दोन महिने मात्र सगळे विसरले.

मार्च २०२३ मध्ये ठाकूर जमातीच्याच प्रकरणात न्यायालयाने आणखी सांगितलं. चालीरीती, देव, बोली विचारणारी अॅफिनिटी टेस्ट ही अंतिम कसोटी नाही. राज्यघटनेच्या आधीच्या कागदांना मोठं वजन आहे. आणि कागदांवरून समितीचं समाधान होत असेल तर दर वेळी दक्षता पथकाकडे चौकशी पाठवायची गरज नाही.

म्हणून माझं म्हणणं सरळ आहे. पडताळणी नेमणुकीच्या आधी करा. नेमणूक आधी दिलीच असेल आणि माणसाने सगळे कागद वेळेत दिले असतील, तर समितीच्या उशिरापायी त्याची नोकरी, पगारवाढ, कायम होणं अडवू नका. बापाची किंवा सख्ख्या भावाची वैधता नीट चौकशी होऊन मिळालेली असेल तर पोराला पुन्हा पहिल्या पायरीवर उभं करू नका. कातकरी वाड्यांवर कागद नाहीत, तिथे समितीने माणूस पाठवावा, तालुक्याला शिबिर घ्यावं. आणि दावा खोटा निघाला तर तोही निकाल लवकर द्या, जागा मोकळी करा, खऱ्या आदिवासीला घ्या. लवकर निकाल लागला तर नुकसान फक्त खोट्याचं. उशीर झाला की खरा मरतो आणि खोट्याची नोकरी पिकते.

कर्मचाऱ्याच्या नोटिशीवर मुदतीची तारीख असते. समितीच्या फाईलवरही एक तारीख लिहा, आणि ती चुकली तर जाब तिथेही विचारा.

तेवढ्यात कल्याणची गाडी लागली. पिशवी छातीशी धरून पोरगा चढला. पुढे लोकल, मग रांग. आणखी एक रजा गेली.