शब्द आपलाच, भांडण मलेशियाचं : 'बुमीपुतेरा' म्हणजे नेमकं कोण?

मलेशियातल्या एखाद्या नव्या टॉवरमध्ये फ्लॅट बुक करायला दोघं जण गेले आहेत असं समजा. मजला एकच, क्षेत्रफळ एकच, बिल्डरही एकच. तरीही एकाला जी किंमत सांगितली जाईल, ती दुसऱ्यापेक्षा कमी असू शकते. सवलत किती, ते राज्यावर ठरतं. साधारण ५ ते १५ टक्के. शिवाय काही फ्लॅट वेगळे काढून ठेवलेले असतात, त्यांना 'बुमी लॉट' म्हणतात. ते दुसऱ्या माणसाला सहजासहजी विकत घेता येत नाहीत, आणि पुढे विकायचे झाले तरी सरकारी परवानगी लागते.

ही सवलत मिळते 'बुमीपुतेरा' असलेल्यांना.

शब्द ओळखीचा वाटला ना? वाटणारच. हा आपला 'भूमिपुत्र'. संस्कृतातून हजार-दीड हजार वर्षांपूर्वी जे शेकडो शब्द समुद्रापार गेले, त्यातले 'भूमी' आणि 'पुत्र' तिथे जाऊन 'बुमी' आणि 'पुतेरा' झाले. पण परदेशात राहिलेल्या नातेवाइकांसारखे ते थोडे बदललेही. मलय भाषेत साध्या माणसाच्या पोराला 'पुतेरा' म्हणत नाहीत, त्याला 'अनाक' म्हणतात. 'पुतेरा' म्हणजे राजपुत्र. आणि 'बुमी' म्हणजे जमीन, पृथ्वी, माती. कुणाला दफन केलं तर त्यासाठीचं क्रियापदही याच 'बुमी'पासून बनतं. रोजच्या बोलण्यात मात्र लोक पूर्ण शब्द उच्चारायचा कंटाळा करतात आणि सरळ 'बुमी' आणि 'नॉन-बुमी' म्हणतात. शब्दशः अर्थ काढला तर अर्धा देश पृथ्वीवरचा आणि उरलेला परग्रहावरचा.

गंमत बाजूला. कॉलेजची सीट, सरकारी कंत्राट, घराची किंमत आणि गुंतवणुकीची योजना या चार गोष्टी ज्या शब्दावर ठरतात, तो शब्द मलेशियाच्या राज्यघटनेत कुठेच नाही.

इंडोनेशियात हा शब्द बंडखोर होता

मलेशियात जाण्याआधी शेजारी डोकावू. डच राजवटीत इंडोनेशियातल्या माणसांची कायद्याने तीन गटांत विभागणी होती. वर युरोपीय, मध्ये चिनी-अरब वगैरे 'परदेशी पौर्वात्य', आणि तळाला 'इनलँडर', म्हणजे देशी लोक. 'इनलँडर' हा शब्द शिवीसारखाच वापरला जायचा. त्याला उत्तर म्हणून शिकलेल्या देशी लोकांनी 'बुमीपुतेरा' उचलला.

१९१३ साली नेदरलँड्स फ्रान्सच्या तावडीतून सुटल्याची शंभरी साजरी करत होतं, आणि त्या सोहळ्याचा खर्च गुलाम वसाहतीतल्या लोकांकडूनही गोळा केला जात होता. तेव्हा बांडुंगमध्ये चिप्तो मांगुनकुसुमो आणि सुवार्दी सूर्यनिंग्रात यांनी 'बुमीपुतेरा समिती' काढली. 'मी डच असतो तर' अशा शीर्षकाचा सुवार्दींचा लेख इतका झोंबला की सरकारने त्यांना हद्दपार केलं. हेच पुढे की हजर देवांतारा म्हणून प्रसिद्ध झाले. त्यांचा जन्मदिवस, २ मे, इंडोनेशियात आजही राष्ट्रीय शिक्षण दिन असतो.

त्याच्या एकच वर्ष आधी, १९१२ मध्ये, शिक्षकांनी एकत्र येऊन 'बुमीपुतेरा' नावाची विमा संस्था सुरू केली होती. ती अजून आहे. त्यामुळे आजच्या इंडोनेशियन माणसाला 'बुमीपुतेरा' म्हटलं की आधी आठवते ती विमा पॉलिसी, आणि गेल्या काही वर्षांत अडकलेले क्लेम. एखाद्या शब्दाचा इतका शांत शेवट फार कमी वेळा होतो.

राजकारणातलं त्याचं काम मग सख्खा भाऊ 'प्रिबुमी' करू लागला. अर्थ तोच, मातीतला माणूस. पण स्वातंत्र्यानंतर समोर डच उरले नव्हते, म्हणून या शब्दाचं टोक वळलं चिनी वंशाच्या इंडोनेशियन लोकांकडे. मे १९९८ मध्ये सुहार्तोंची सत्ता कोसळत असताना जकार्ता आणि सोलोमध्ये दंगली उसळल्या. चिनी वंशाच्या लोकांची दुकानं जळत होती, तेव्हा शेजारच्या दुकानदारांनी शटरवर घाईघाईने रंगवलं होतं : 'मिलिक प्रिबुमी'. प्रिबुमीच्या मालकीचं. म्हणजे, इथे आग लावू नका.

त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये राष्ट्राध्यक्ष हबीबींनी आदेश काढला की सरकारी धोरणात आणि कामकाजात 'प्रिबुमी' आणि 'नॉन-प्रिबुमी' हे शब्द वापरायचे नाहीत. राष्ट्राध्यक्ष 'मूळचा इंडोनेशियन'च हवा ही घटनेतली अटही २००१ मध्ये गेली. शब्द मात्र असे आदेशाने मरत नाहीत. ऑक्टोबर २०१७ मध्ये अनीस बास्वेदान यांनी जकार्ताचे गव्हर्नर म्हणून शपथ घेतल्यावर पहिल्याच भाषणात 'प्रिबुमी' उच्चारला आणि सोशल मीडिया पेटला. बास्वेदान म्हणाले, मी वसाहतकाळाबद्दल बोलत होतो. टीकाकारांनी आठवण करून दिली की बास्वेदान घराणं स्वतः अरबी वंशाचं, म्हणजे डचांच्या हिशोबात 'परदेशी'.

मलेशियात तोच शब्द सरकारी झाला

मलाया १९५७ मध्ये स्वतंत्र झाला. घटनेच्या कलम १५३ मध्ये मलय लोकांचं 'विशेष स्थान' मान्य केलं गेलं. बोर्निओ बेटावरची साबा आणि सारावाक ही राज्यं १९६३ मध्ये जोडली गेली आणि नंतर तिथल्या मूळ रहिवाशांचीही या कलमात भर पडली. आता या सगळ्यांना मिळून काय म्हणायचं? सारावाकचा इबान माणूस मलय नाही, बहुतेकदा ख्रिश्चन आहे. दोघांवर एकच छत्री धरायला 'बुमीपुतेरा' सोयीचा होता. १९६५ मध्ये 'बुमीपुतेरा आर्थिक परिषद' भरली, त्याच वर्षी 'बँक बुमीपुत्रा' निघाली.

हे 'विशेष स्थान' सगळ्यांना पटलं होतं असं नाही. सिंगापूरचे ली कुआन यू म्हणत होते, मलेशिया सगळ्या मलेशियन लोकांचा असावा. १९६५ मध्येच सिंगापूर वेगळा झाला. कारणं अनेक होती, पण हा वाद त्यातला मोठा होता.

मग १३ मे १९६९ ची दंगल. निवडणुकीनंतर क्वालालंपूरमध्ये मलय आणि चिनी लोकांमध्ये हिंसाचार झाला. सरकारी आकडा १९६ मृत्यूंचा. सरकारने काढलेला निष्कर्ष असा, की मलय माणूस गरीब राहिला म्हणून हे घडलं. तो गरीब होता हे खरंच होतं. १९७० मध्ये मलय द्वीपकल्पातली जवळपास निम्मी कुटुंबं दारिद्र्यात होती, त्यात मलय सर्वाधिक. कंपन्यांच्या भांडवलात बुमीपुतेरांचा वाटा अवघा २.४ टक्के होता. १९७१ मध्ये 'नवं आर्थिक धोरण' आलं आणि हा वाटा १९९० पर्यंत ३० टक्के करायचं ठरलं.

या धोरणाने काहीच साधलं नाही असं म्हणणं अन्यायाचं होईल. आज मलेशियात जो मलय डॉक्टर, इंजिनिअर, बँकर दिसतो, त्याच्या मागे बऱ्याचदा याच धोरणातली शिष्यवृत्ती असते. अडचण पुढे आहे. फायदा एका शब्दाला बांधला, आणि त्या शब्दाची व्याख्या ज्याने त्याने आपापल्या खिडकीवर केली.

मग यात बसतं कोण?

'मलय' कोण, हे घटना सांगते : जो इस्लाम पाळतो, रोज मलय भाषा बोलतो आणि मलय चालीरीतींनी वागतो तो. वंशाचा उल्लेखच नाही. म्हणून तर ज्यांच्या आजोबांची मुळं केरळात सांगितली जातात, ते महाथिर मोहम्मद मलय राजकारणाचे सर्वात मोठे नेते होऊ शकले. आणि तीनचार पिढ्या तिथेच जन्मलेलं, ब्रिटिशांनी रबराच्या मळ्यावर आणलेल्या तमिळ मजुरांचं हिंदू कुटुंब मात्र बाहेर राहतं.

विद्यापीठाच्या प्रवेशात तर वर्षानुवर्षं तीन नियम होते. द्वीपकल्पात आईवडिलांपैकी एक मलय मुस्लिम किंवा आदिवासी असेल तर मूल बुमीपुतेरा. साबामध्ये वडील बघायचे. सारावाकमध्ये दोघेही मूळ रहिवासी हवेत. म्हणजे वडील इबान, आई चिनी वंशाची, घरात इबान बोलली जाते, सुट्टीत पोरं आजीच्या लाँगहाऊसमध्ये जातात, आणि प्रवेशाच्या अर्जावर मात्र 'नॉन-बुमी'. असे नकार मिळालेल्या मुलांच्या बातम्या आल्या, ओरड झाली, आणि अखेर २०२२ मध्ये सारावाकने कायदा बदलला. आता एक पालक पुरतो.

कडेला उभे असलेले आणखी आहेत. मलाक्कामध्ये पोर्तुगीज वंशाचे ख्रिश्चन लोक राहतात. अल्बुकर्कने १५१० मध्ये गोवा घेतला आणि १५११ मध्ये मलाक्का, तेव्हापासूनची ही वस्ती. त्यांना बुमीपुतेरांसाठीच्या 'अमानाह साहाम बुमीपुतेरा' या गुंतवणूक योजनेत पैसे ठेवता येतात, बाकी दर्जा पूर्ण नाही. म्हणजे बँकेच्या काउंटरपुरते भूमिपुत्र. भारतीय मुस्लिमांचीही मागणी जुनी आहे. २०१७ मध्ये तेव्हाचे पंतप्रधान नजीब रझाक यांनी 'विचार करू' म्हटलं, निवडणूक जवळ होती, आणि विचार विचारच राहिला.

आकड्यांतही हाच घोळ. त्या ३० टक्क्यांपैकी किती गाठलं? २००६ मध्ये सरकार म्हणत होतं, १८.९ टक्के. एका संशोधन केंद्राने सरकारी मालकीच्या कंपन्यांमधले शेअर धरून हिशोब केला, तर उत्तर आलं सुमारे ४५ टक्के. इतका गदारोळ झाला की अहवाल मागे घेतला गेला आणि केंद्राच्या संचालकांनी राजीनामा दिला. प्रश्न गणिताचा नव्हताच. सरकारी कंपनी 'भूमिपुत्र' असते का, हा होता. मला विचाराल तर तो आजही अनुत्तरित आहे, आणि अनुत्तरित राहण्यातच अनेकांचा फायदा आहे. ३० टक्के अजून गाठायचेच आहेत म्हटलं की धोरण चालू ठेवता येतं.

सर्वात जुने, सर्वात मागे

या सगळ्यात खरोखरचे सर्वात जुने रहिवासी कुठे आहेत? द्वीपकल्पावरच्या आदिवासींना 'ओरांग आस्ली' म्हणतात. अर्थच 'मूळ माणसं'. लोकसंख्या सुमारे २ लाख. सरकार त्यांना बुमीपुतेरात मोजतं, पण कलम १५३ मध्ये त्यांचं नाव नाही.

१९९० च्या दशकात क्वालालंपूरच्या नव्या विमानतळाकडे जाणाऱ्या महामार्गासाठी सेलांगोर राज्यातल्या तेमुआन आदिवासींची जमीन घेतली. भरपाई दिली ती झाडांची, पिकांची आणि घरांची. जमिनीची नाही, कारण कागदावर ती त्यांची नव्हती. ते कोर्टात गेले. २००२ मध्ये हायकोर्टाने आणि २००५ मध्ये अपील कोर्टाने त्यांचा परंपरागत हक्क मान्य केला. देशातल्या सर्वात मूळ भूमिपुत्रांना भूमी आपली आहे हे सिद्ध करायला एवढी वर्षं लागली, आणि समोर उभी होती भूमिपुत्रांच्या नावाने चालणारी सरकारं.

हे वाचून गोव्यातल्या वाचकांना २०२१ आठवलं असेल. जुलैमध्ये गोवा विधानसभेने 'भूमिपुत्र अधिकारिणी विधेयक' मंजूर केलं. ३० वर्षं राज्यात राहणारा तो भूमिपुत्र, आणि त्याला राहत्या घराचा हक्क. गावडा, कुणबी, वेळीप समाजाने विचारलं, मग आम्ही कोण? गदारोळानंतर मुख्यमंत्री प्रमोद सावंत यांनी आधी 'भूमिपुत्र' हा शब्द काढायची तयारी दाखवली, आणि नंतर ते विधेयकच मागे पडलं. महाराष्ट्रातही हा शब्द कुणी परप्रांतीयांसमोर वापरतं, तर कुणी नवी मुंबईच्या प्रकल्पग्रस्त आगरी-कोळ्यांसाठी. फरक इतकाच, की आपल्याकडे तो बहुतेक वेळा भाषणात असतो. मलेशियात तो अर्जावर असतो.

सध्या काय चालू आहे?

२०२० च्या जनगणनेनुसार मलेशियाच्या नागरिकांपैकी ६९.४ टक्के बुमीपुतेरा आहेत, २३.२ टक्के चिनी आणि ६.७ टक्के भारतीय वंशाचे. म्हणजे सवलत बहुसंख्याकांना आहे. कुठल्याही पक्षासाठी तिला हात लावणं म्हणजे निवडणूक हातची घालवणं.

पंतप्रधान अन्वर इब्राहिम म्हणून कडेकडेने चालतात. विद्यापीठाच्या दारापर्यंत नेणाऱ्या मॅट्रिक्युलेशन कॉलेजांमध्ये ९० टक्के जागा बुमीपुतेरांना आहेत. तो कोटा त्यांनी तसाच ठेवला, पण जून २०२४ मध्ये जाहीर केलं की शालान्त परीक्षेत १० किंवा जास्त विषयांत ए मिळवणाऱ्या प्रत्येकाला प्रवेश मिळेल, वंश कोणताही असो.

त्याच्या महिनाभर आधी दुसरा प्रसंग घडला. हृदयाच्या शस्त्रक्रिया करणारे डॉक्टर देशात कमी आहेत, म्हणून फक्त बुमीपुतेरांना घेणाऱ्या 'यूआयटीएम' या विद्यापीठाच्या त्या एका पदव्युत्तर अभ्यासक्रमात इतर मलेशियन डॉक्टरांनाही घ्यावं, अशी सूचना आली. विद्यार्थी काळे कपडे घालून वर्गात आले. त्यांचं म्हणणं, आज एक जागा, उद्या सगळं जाईल.

ऑगस्ट २०२४ मध्ये सरकारने बुमीपुतेरांसाठी २०३५ पर्यंतचा नवा आर्थिक आराखडा आणला. नाव ठेवलं 'पुतेरा ३५'. १९९० साठी ठरलेलं ३० टक्क्यांचं उद्दिष्ट त्यात अजून आहे.