दयेचे छायाचित्रण

निवाऱ्यातल्या कुत्र्यांची छायाचित्रे प्रसृत करून त्यांच्यासाठी घर शोधण्याची प्रथा आता नाशकातही रुळली आहे. साहित्याच्या अभ्यासकांनी तिच्याकडे का पाहावे? कारण त्या चित्राखाली मजकूर असतो, आणि तो बहुधा वाईट असतो. गजांआडचे ओले डोळे, उघडी जखम आणि खाली कुत्र्याच्या तोंडी घातलेली प्रथमपुरुषी विनवणी: 'माझं कुणीच नाही, मला घर द्याल का?' शंभर कुत्र्यांना हे एकच वाक्य चालते. म्हणजेच ते कोणत्याही कुत्र्याविषयी काहीच सांगत नाही.

करुण रसाचा स्थायीभाव शोक असला तरी त्याचा शेवट आस्वादात होतो, हे आपण वर्गात शिकवतो. रसिक आस्वाद घेऊन घरी जातो. इथे मात्र त्याने कुत्रा घेऊन घरी जायला हवे. हळहळ व्यक्त केल्याने पाहणाऱ्याला कर्तव्य पार पडल्यासारखे वाटते. निवाऱ्यातला पिंजरा तसाच भरलेला राहतो. जखमेच्या चित्राने उपचारांसाठी पैसे जमतीलही. पण दत्तक घेणे म्हणजे दहा-बारा वर्षांचा सहवास. तो क्षणिक कळवळ्यावर उभा राहत नाही.

यावर आक्षेप येईल की चांगले छायाचित्र म्हणजे जाहिरात, सजावट. हे मला मान्य नाही. काळा कुत्रा अंधाऱ्या पिंजऱ्यात टिपला की चेहरा नाहीसा होतो आणि नुसता डाग उरतो. फ्लॅश मारला की डोळे भुतासारखे चमकतात. ही चित्रेच खोटी आहेत. त्याला मोकळ्या सावलीत आणावे, स्वतः जमिनीवर बसून त्याच्या नजरेच्या पातळीवर कॅमेरा धरावा, थोडे थांबावे. यात सौंदर्यप्रसाधन कसले? हा अचूकपणा आहे. लॅम्प आणि विटे यांच्या २०१५ च्या अभ्यासातही स्पष्ट, बाहेर काढलेली, कुत्रा कॅमेऱ्याकडे पाहत असलेली चित्रे लवकर दत्तक जाण्याशी निगडित आढळली. गॉगल आणि रिबिनी मात्र या अचूकपणात बसत नाहीत. त्यांतही कुत्रा हरवतोच.

भाकरी पळवणाऱ्या कुत्र्यामागे नामदेव तुपाची वाटी घेऊन धावले, ही कथा आपण भूतदयेचे उदाहरण म्हणून सांगतो. पण नामदेवांनी अश्रू ढाळले नाहीत. भाकरी कोरडी आहे, हे पाहिले. दयेच्या आधी निरीक्षण होते.

हा वाद केवळ अभिरुचीचा नाही. २२ ऑगस्ट २०२५ च्या आदेशात सर्वोच्च न्यायालयाने रस्त्यावरचे कुत्रे दत्तक घेण्यासाठी पालिकेकडे अर्ज करण्याची मुभा दिली. दत्तक घेतलेला कुत्रा पुन्हा रस्त्यावर येऊ न देण्याची जबाबदारी अर्जदारावर टाकली. ७ नोव्हेंबर २०२५ च्या आदेशाने शाळा, रुग्णालये, बसस्थानके, रेल्वेस्थानके अशा ठिकाणचे कुत्रे निवाऱ्यात हलवून परत तिथे न सोडण्यास सांगितले. निवाऱ्यांवरचा भार वाढवणाऱ्या अशा काळात चुकीच्या समजुतीने नेलेला आणि महिन्याभराने परत आणलेला कुत्रा ही फसलेल्या वर्णनाची किंमत असते.

म्हणून लिहावे ते असे: वय अदमासे चार वर्षे, निर्बीजीकरण झालेले, कानावर खाच आहे, लसी दिलेल्या, फटाक्यांना घाबरते, मांजर सहन होत नाही, अनोळखी माणसाजवळ यायला दोन दिवस घेते. यात एकही भावुक विशेषण नाही, तरी एक कुत्री समोर उभी राहते. व्यक्तिचित्र म्हणतात ते हेच. विद्यार्थ्यांना लेखनाचा सराव हवाच असेल तर तो इथे करावा. चांगले लिहिले तर कुणीतरी घरी जाईल.