झेंडा कार्टूनचा, प्रश्न पोटाचा

आजची पोरं मोबाईल आणि कार्टूनमध्ये बुडाली, असे म्हणणाऱ्यांनी जरा इंडोनेशियाकडे बघावे. २०२५ च्या ऑगस्टमध्ये, स्वातंत्र्यदिनाच्या तोंडावर, तिथल्या तरुणांनी घरांवर, ट्रकवर 'वन पीस' या जपानी मालिकेतला कवटीचा झेंडा लावला. त्या मालिकेतले चाचे जुलमी सत्तेशी लढतात. एवढ्यावरून काही नेत्यांना देशद्रोह दिसला!

आम्ही विचारतो, देशाचा द्रोह नक्की कोण करत होते? खासदारांना महिन्याला ५ कोटी रुपिया घरभत्ता. जकार्ताच्या किमान वेतनाच्या जवळपास दहापट! याविरुद्ध लोक रस्त्यावर उतरले. २८ ऑगस्टला पोलिसांच्या चिलखती गाडीखाली २१ वर्षांचा मोटारसायकल टॅक्सीवाला चिरडला गेला. त्याच्या जॅकेटचा हिरवा आणि पोलिसांसमोर ठाम उभ्या राहिलेल्या एका बाईच्या हिजाबचा गुलाबी, हे दोन रंग निषेधाचे झाले. अखेर घरभत्ता रद्द करावा लागला.

याला नुसता ट्रेंड म्हणून हसू नका. मात्र झेंड्याने माणसे जमतात, हक्क मिळत नाहीत. हे ओळखूनच त्या तरुणांनी मुदत घालून '१७+८' मागण्या लेखी मांडल्या. आता खरी कसोटी पाठपुराव्याची आहे. रंग उडतात, मागणी टिकली पाहिजे.